तिसरं सांगणं

“खुर्ची तिथं नको, माझ्या पाठीमागे घ्या,” ओदिल केरव्हेन म्हणाल्या. “मला त्यांचा चेहरा बघायचाय. तुमचा नुसता आवाज पुरे.”

मी खुर्ची उचलून त्यांच्या मागे नेली. टेबलाच्या पलीकडे निवृत्तीदादा गावडे अंगातला कोट न काढता बसले होते. चंदगडहून येताना आणलेली काजूची पिशवी त्यांनी मांडीवर धरली होती. द्यावी की नको, हे त्यांचं अजून ठरत नव्हतं.

“काय म्हणाल्या बाई?”

“मी मागे बसायचं. तुम्ही त्यांच्याकडे बघून बोलायचं, माझ्याकडे नाही.”

“त्यांच्या हातात सुरी आहे की हो, ताई.”

होती खरी. ओदिलबाई बटाटे सोलत होत्या. गोष्ट ऐकताना त्यांचे हात रिकामे नसायचे. रिकाम्या हातांनी ऐकलं की माणूस लवकर मान डोलवायला लागतो, असं त्यांचं म्हणणं.

दोन हजार नऊचा मार्च. मी चोवीस वर्षांची, सांगलीहून पॅरिसला फ्रेंच साहित्य शिकायला आलेली, आणि खर्चाला हातभार म्हणून मिळेल तिथं दुभाषाचं काम करणारी. निवृत्तीदादांनी कोल्हापुरात अठरा मिनिटांची एक छोटी फिल्म केली होती. ती ओदिलबाईंनी कुठल्याशा महोत्सवात पाहिली आणि त्यांना थेट विमानाची तिकिटंच पाठवली. पत्रात एवढंच लिहिलं होतं, “मोठी गोष्ट असेल तर सांगायला या. कागद आणू नका.”

ओदिलबाई तेव्हा बासष्टच्या. पांढरे आखूड केस, मनगटावर पुरुषी घड्याळ. चौतीस वर्षांत सव्वीस सिनेमे काढलेले, आणि तेही कुठल्या मोठ्या कंपनीच्या छत्राखाली नाही, स्वतःच्या हिमतीवर. शहरातल्या मेनिलमोंतां भागातल्या चढावर तिसऱ्या मजल्यावरची एक खोली आणि हे स्वयंपाकघर, म्हणजे त्यांची अख्खी कंपनी. भिंतीवर सात सिनेमांची पोस्टरं होती. मी त्यातलं एकही नाव ऐकलेलं नव्हतं.

“हे पडलेले,” मी बघतेय हे ओळखून त्या म्हणाल्या. “चालले त्यांना माझी गरज नाही. हे बिचारे कुठं जातील?”

मी ते मराठीत सांगितल्यावर निवृत्तीदादा पहिल्यांदा हसले आणि त्यांनी काजूची पिशवी टेबलावर ठेवली.

मग त्यांनी गोष्ट सांगितली. चंदगड भागातल्या एका काजूच्या कारखान्यात दोन बहिणी काजू फोडतात. टरफलातलं तेल हाताला लागून बोटं काळी पडतात, कातडीची सालं निघतात. धाकटीचं लग्न ठरवायचं निघतं. थोरली म्हणते, दोन महिने तू काजूला शिवायचं नाही, तुझ्या वाटणीचं मी फोडते. ती दुप्पट काम करते. इकडं धाकटीचे हात उजळतात, तिकडं थोरलीचे कोळशासारखे होतात. पाहुणे बघायला येतात. होणारी सासू धाकटीचे हात हातात घेते, उलटेपालटे करते आणि खूश होते. लग्न होतं. थोरली काळे हात पदराखाली लपवून अक्षता टाकते. शेवटी कारखान्यात ती एकटी, आणि शेजारचं मशीन रिकामं.

शेवटचं वाक्य फ्रेंचमध्ये सांगताना मीच मुसमुसले. ओदिलबाईंनी सुरी खाली ठेवली, सोललेले बटाटे पातेल्यात टाकले आणि म्हणाल्या, “सूप अर्ध्या तासात होईल. बुधवारी पुन्हा या. मग शुक्रवारी. मी तीनदा ऐकते, मग सांगते.”

“काय बदलायचं का त्यात?” निवृत्तीदादांनी विचारलं.

“बुधवारी पुन्हा सांगा,” बाई म्हणाल्या. दुसरं काही नाही.

बुधवारी त्यांनी तीच गोष्ट पुन्हा सांगितली. बाईंनी गाजरं किसली. जेवताना मात्र त्या मोकळ्या झाल्या. आपला दुसरा सिनेमा संकलनाला होता तेव्हा लेक चार महिन्यांची होती, तिला ठेवायला कुणी नव्हतं, म्हणून रोज बरोबर घेऊन जायच्या, असं सांगायला लागल्या. त्या काळी कापलेल्या फिल्मच्या पट्ट्या टाकायला एक मोठी कापडी टोपली असायची. तिच्यात लेक झोपायची.

“एकदा दिग्दर्शक म्हणाला, तो बागेतला प्रसंग परत लावू या. शोधला तर सापडेना. ही त्याच्यावर झोपलेली! तिघंजण पाऊण तास नुसते बसून राहिलो. उठवायची कुणाची छाती झाली नाही. आणि त्या पाऊण तासात त्यालाच कळलं की बागेशिवायच बरं आहे.”

निवृत्तीदादा खळखळून हसले. “बाई आपल्यातल्याच वाटतात की हो,” ते म्हणाले. मी ते फ्रेंचमध्ये सांगितलं. बाईंनी त्यांच्या ताटलीत आणखी एक पळी वाढली.

आता माझ्याबद्दल एक सांगायला हवं, त्याशिवाय पुढचं कळणार नाही. माझे बाबा सांगलीला वकील. आमच्या पुढच्या खोलीत साक्षीदार यायचे आणि बाबा त्यांना पढवायचे. “तीनदा विचारीन, तिन्हीदा तेच यायला हवं. एक शब्द हलला की समोरचा वकील तुम्हाला सोलून ठेवील.” हे ऐकत मी लहानाची मोठी झाले. त्यामुळे ओदिलबाई तीनदा का ऐकतात, असा प्रश्न मला पडलाच नाही. मला उत्तर पाठ होतं. माणूस किती पक्का आहे, हे त्या बघताहेत.

गुरुवारी दुपारी मी निवृत्तीदादांना कालव्याकाठच्या बाकावर बसवलं आणि बाबांनी केलं असतं तेच केलं.

“उद्या सगळं जसंच्या तसं यायला हवं, दादा. शेवट तर शब्दाला शब्द. माझे बाबा वकील आहेत, ते असंच पढवतात.”

“ताई, एक बोलू का?” ते पाण्याकडे बघत म्हणाले. “ही गोष्ट सांगताना माझ्या तोंडाला चव राहत नाही. सोमवारी तुम्ही मागं मुसमुसलात ना, मला ऐकू आलं. मला वाटलं, ही का रडतेय? मी तर कोरडा आहे.”

“सवय झालीय म्हणून. उद्या चव बघू नका. उद्या पेपर आहे.”

“बरं,” ते म्हणाले. पण मान हलवली नाही.

शुक्रवारी जेवण आधी झालं आणि मग बाई शेंगा सोलत बसल्या. निवृत्तीदादांनी त्या दिवशी कोट काढून खुर्चीच्या पाठीला लावला. गोष्ट नेहमीसारखी सुरू झाली. कारखाना, बहिणी, दोन महिन्यांचा करार. ते दोन-चार वाक्यं बोलायचे, मी ती फ्रेंचमध्ये सांगायची. बघायला येण्याचा प्रसंग आला. सासूनं धाकटीचे हात हातात घेतले.

आणि दादा थांबले. मग सुरू झाले ते माझ्यासाठी थांबलेच नाहीत.

“ती म्हातारी हात सोडून देते,” ते म्हणाले. “म्हणते, लई मऊ हाईत. माझ्या घरात काम हाय, हे हात दोन दिवस टिकायचे न्हाईत. धाकटीला चहा आणायला आत पाठवतात. आता चहा मुलीनंच आणायचा असतो, पण धाकटीचा हात भीतीनं कापायला लागलेला असतो, म्हणून थोरली ट्रे घेऊन बाहेर येते. म्हातारीला ट्रेच्या कडेवर ते हात दिसतात. काळे, भेगाळलेले. म्हातारी विचारते, ही कोण? थोरली. हिचं का न्हाई केलं? बाप गेला, घर हिच्यावर होतं. म्हातारी स्वतःचे हात उताणे करून दाखवते, तिचेही तसलेच. म्हणते, हीच द्या आमाला. आणि थोरलीचं लग्न होतं, ताई. धाकटीला ठरलेल्या मुलाशी. ज्या हातांनी बहिणीचे हात राखले, त्याच हातांनी तिचा नवरा नेला. धाकटी मांडवात येत नाही. जी गेली ती बोललीच नाही परत. अजून बोलत नाही.”

त्यांचे डोळे भरले होते. हात टेबलावर पालथे पडले होते.

साक्षीदार फुटला, हे माझ्या मनात आलेलं पहिलं वाक्य. दोनदा एक आणि तिसऱ्यांदा भलतंच! बाई आता यांना दारात उभंसुद्धा करणार नाहीत. मी त्यांच्या मागे बसलेली, माझा चेहरा कुणाला दिसत नव्हता. मी आवाज स्थिर ठेवला आणि फ्रेंचमध्ये सांगितलं की सासूला मुलीचे हात आवडतात, लग्न होतं, थोरली पदराखाली हात लपवून अक्षता टाकते आणि शेवटी शेजारचं मशीन रिकामं असतं.

त्यांचं बोलणं दहा मिनिटं चाललं होतं. माझं तीन.

ओदिलबाईंनी उरलेल्या शेंगा सोलून संपवल्या. मग पुढे वाकून त्यांनी निवृत्तीदादांच्या हातावर हात ठेवला.

“मी नकार पत्रानं पाठवत नाही. समोर बसवून, जेवू घालून देते. गोष्ट सुंदर आहे. पण ती पूर्ण झालेली आहे. तीनदा सांगितली आणि तीनदा तीच राहिली. माझे सव्वीसच्या सव्वीस सिनेमे तिसऱ्या वेळी बदलले होते. सांगणारा माझ्या चेहऱ्याला कंटाळतो, स्वतःच्या हुशारीला कंटाळतो आणि मग खरं काय ते बाहेर पडतं. तुमच्याकडे ते आलं नाही. जे संपलंय त्याचं चित्रीकरण कशाला करायचं?” मग मान किंचित मागे वळवून त्या मला म्हणाल्या, “नीट सांगा त्यांना. मायेनं सांगा.”

निवृत्तीदादा माझ्याकडे आशेनं बघत होते.

“काय म्हणतात?”

“म्हणाल्या, कळवतो,” मी म्हटलं. दहा मिनिटांत माझं हे दुसरं खोटं.

आम्ही जिना उतरलो. बाहेर स्वच्छ ऊन होतं, समोरच्या शाळेची मुलं दंगा करत होती. निवृत्तीदादा एकाएकी सैल झाल्यासारखे, भिंतीला टेकून उभे राहिले.

“काय कळवायचं ते कळवू दे,” ते म्हणाले. “आज मी मोकळा झालो, ताई. छत्तीस वर्षांचा झालो, कुणाला सांगितलं नव्हतं. बायकोलाही नाही.”

“काय सांगितलं नव्हतं?”

“ती थोरली म्हणजे माझी आई. धाकटी म्हणजे माझी शेवंतामावशी. मावशीचं घर आमच्या घरापासून हाकेच्या अंतरावर. कारभाऱ्यांची गल्ली म्हणतात तिथं. पण मी तिच्या दारात कधी पाणी प्यायलो नाही.” त्यांनी तोंडावरून हात फिरवला. “मला शरम वाटायची. म्हणून आईला मी गोष्टीत बिनलग्नाची ठेवली. देवी केली तिला. आज त्या बाई अशा मन लावून शेंगा सोलत होत्या, मला वाटलं, यांच्यासमोर काय खोटं बोलायचं? तुम्ही सांगितलंत ना सगळं नीट? तो चहाचा भाग?”

“तुम्ही इथंच थांबा,” मी म्हटलं.

तिसऱ्या मजल्यापर्यंत मी कशी गेले ते आठवत नाही. बाई ताटल्या विसळत होत्या. मी दारातच सांगायला सुरुवात केली, कारण आत जाऊन बसले असते तर सांगितलं नसतं. त्यांनी शेवट बदलला होता. मी जुना सांगितला. तो बदल म्हणजे चूक, असं मला वाटलं. मला वाटलं, तुम्ही त्यांचा पक्केपणा तपासताय.

नळ तसाच वाहत होता. बाईंनी तो बंद केला.

“ते रडत होते,” त्या म्हणाल्या. “मी बघत होते ना. मला वाटलं, हा माणूस मेलेल्या गोष्टीवर का रडतोय? डोळ्यांनी जे सांगितलं ते सोडून मी कानांवर विश्वास ठेवला. चौतीस वर्षं धंद्यात घालवून!” मग त्या वळल्या. आवाज चढला नव्हता. “तुला कळतंय का तू काय केलंस? दिग्दर्शकाचा शेवट त्याला न विचारता कापलास. त्याच्या समोर बसून.”

“हो.”

“बस.”

मी बसले. या वेळी त्यांच्या समोर.

“सत्तावीस वर्षांची असताना मी एका मोठ्या निर्मात्याकडे नोकरीला होते. त्यानं एका तरुण पोराच्या सिनेमाचं शेवटचं रीळ बदललं आणि ते प्रयोगशाळेत पोचवायला माझ्याच हातात दिलं. मला माहीत होतं. त्या पोराला पहिल्या खेळाच्या दिवशी कळलं, भरलेल्या थिएटरात, आईवडिलांच्या शेजारी बसलेला असताना. मी सहा आठवडे गप्प होते. सहा आठवडे. नंतर नोकरी सोडली, स्वतःची कंपनी काढली, चौतीस वर्षं कुणाचं रीळ बदललं नाही. पण ते सहा आठवडे काही परत आले नाहीत.” त्यांनी मनगटावरच्या घड्याळाकडे पाहिलं. “तुला किती लागले?”

“दहा-बारा मिनिटं.”

“हं. जा, बोलाव त्यांना. आणि त्यांना आधी तू सांगायचंस, मी नाही.”

ते मी जिन्यातच सांगितलं. निवृत्तीदादा दुसऱ्या मजल्यावरच्या पायरीवर एक पाय ठेवून थबकले.

“म्हणजे मी आईची अब्रू टेबलावर काढून ठेवली आणि तुम्ही ती गिळून टाकलीत?”

“हो.”

“आणि वर मला म्हणालात, कळवतो.”

“हो, दादा.”

त्यांनी पायरीवरचा पाय खाली घेतला. मग म्हणाले, “वकिलाची पोर ती वकिलाचीच!” आणि दोन-दोन पायऱ्या चढत वर गेले.

त्यांनी ते सगळं पुन्हा सांगितलं. या वेळी मी एक-एक वाक्य घेतलं, एक-एक वाक्य दिलं. म्हातारीचे उताणे हात, ट्रेच्या कडेवरची बोटं, न आलेली धाकटी. बाईंच्या हातात काहीच नव्हतं. संपल्यावर त्यांनी एकच विचारलं.

“दोघी जिवंत आहेत?”

“दोघीही.”

“तुमच्या आईला माहीत आहे तुम्ही हे सांगताय ते?”

निवृत्तीदादांनी मान हलवली. नाही.

“मग हा सिनेमा करायचा की नाही, हे मी ठरवू शकत नाही. ज्यांचं आयुष्य आहे त्यांनी हो म्हणायचं. फोन करा.”

“आत्ता?”

“तिकडं किती वाजलेत?”

“सात. चूल पेटवली असेल तिनं.”

“स्वयंपाक करताना लोक खरं बोलतात,” ओदिलबाई म्हणाल्या.

निवृत्तीदादांनी फोन लावला, स्पीकरवर ठेवला आणि मला खुणेनं जवळ बोलावलं. बरीच घंटी वाजली.

“कोण?” खणखणीत आवाज आला.

“आये, मी निवृत्ती.”

“आरं, फारीनातनं? काय झालं? पैसे चोरले का कुणी?”

“न्हाई गं. ऐक जरा. मी हितं एका बाईंना गोष्ट सांगितली. सिनेमाची.” ते अडखळले. “तुझी सांगितली. तुझी आणि मावशीची. बघायला आले त्या दिवसाची.”

पलीकडून भाकरी थापल्याचा आवाज येत होता, तो थांबला. मी हे सगळं हळू आवाजात फ्रेंचमध्ये सांगत होते. थांबला हेही सांगितलं.

“तुला कुणी सांगितली?” आईनं विचारलं.

“आजीनं. मरायच्या आधी.”

“काय सांगितलं म्हातारीनं?”

“की मावशीचा हात कापत होता, म्हणून ट्रे तू घेतलास. आणि आजीला तुझे हात दिसले.”

“असं सांगितलं व्हय.” आई म्हणाली. “म्हातारी चांगली बाई. झाकून सांगितलं तिनं.”

निवृत्तीदादांनी माझ्याकडे पाहिलं. मी बोलत राहिले. फ्रेंचमध्ये, त्याच चालीत, त्याच अंतरानं.

“शेवंतीचा हात कापत न्हवता रं,” आई म्हणाली. “तिनं ट्रे धरलेला. म्या हिसकून घेतला. म्हातारी बाहीर काय बोलली ते दाराआडनं ऐकलं व्हतं म्या. मऊ हात नगं म्हणाली ते. मग माझ्या हाताकडं बगितलं आन् गेले बाहीर.”

“आये…”

“आये काय? दोन म्हयने तिचं काजू फोडलं ते खरंच तिच्यासाठी फोडलं. त्यात खोट न्हाई. पण त्या घडीला मला बी वाटलं. सव्वीस वर्साची व्हते. मला बी संसार पायजे व्हता.”

हे वाक्य फ्रेंचमध्ये न्यायला मला एक क्षण लागला. त्याला मऊ करता आलं असतं. थोडी कारणं जोडता आली असती, एखादा पश्चात्ताप घालता आला असता. निवृत्तीदादांचे ओठ घट्ट मिटले होते. मी ते होतं तेवढंच, कोरडंच सांगितलं. ओदिलबाईंनी डोळे मिटले आणि उघडले.

“त्यांना विचार,” त्या म्हणाल्या, “हे सिनेमात दाखवू का?”

मी फोनजवळ तोंड नेऊन विचारलं. “काकू, मी शलाका. दुभाषी. बाई विचारताहेत, हे सगळं असंच दाखवलं तर चालेल का?”

“तू कोण गं, कुणाची?”

“सांगलीची, काकू.”

“बरं. बाईला सांग, दाखीव म्हणावं. पण शेवंती पयली बगंल. तिनं बगितल्याबिगर दुसऱ्या कुणाला दाखवायचा न्हाई. ती नगं म्हणाली तर जाळून टाकायचा.”

हे मी शब्दाला शब्द सांगितलं. जाळून टाकायचासुद्धा.

सिनेमा एका म्हाताऱ्या बाईच्या शब्दावर अडकवून ठेवायला कुठलाही निर्माता तयार झाला नसता. दुसऱ्या देशांतले भागीदार असतात, वाहिन्या असतात, तारखा असतात. ओदिलबाईंनी टेबलावर बोटं टेकवली.

“मान्य,” त्या म्हणाल्या. आणि मला म्हणाल्या, “काही सोडलंस का?”

“नाही.”

“मग सोमवारपासून ये. मला मराठी येत नाही आणि हा सिनेमा दोन वर्षं खाणार आहे. माझ्या मागे बसायचं नाही. शेजारी.”

मी तिथं नऊ वर्षं होते. आता पुण्यात माझी स्वतःची छोटीशी कंपनी आहे, पाच सिनेमे झाले आहेत, त्यातले दोन माझ्या स्वयंपाकघराच्या भिंतीवर आहेत. लोक मुलाखतीत विचारतात की निर्माती व्हायचं कधी ठरवलंत. मी काहीतरी बरं उत्तर देते. खरं उत्तर त्या बारा मिनिटांत आहे, पण ते सांगायला इतका वेळ लागतो.

सिनेमा तयार झाला दोन हजार अकराच्या डिसेंबरात. गडहिंग्लजचं एक थिएटर आम्ही सकाळी दोन तासांसाठी घेतलं. प्रेक्षक पाच. मधल्या रांगेत ओदिलबाई आणि मी. पुढे डाव्या टोकाला निवृत्तीदादांच्या आई, अनसूयाकाकू, निळ्या इरकलीत, ताठ बसलेल्या. उजव्या टोकाला शेवंतामावशी. त्यांना त्यांचा मुलगा घेऊन आला होता आणि तो बाहेरच थांबला. दोघींमध्ये अकरा खुर्च्या मी मोजल्या. निवृत्तीदादा मागच्या दाराशी उभे. ते बसायलाच तयार नव्हते.

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं नाही. एकोणचाळीस-चाळीस वर्षांत पाहिलं नव्हतं, आता कशाला?

कारखाना आला, दोघी हसत काजू फोडताना दिसल्या. शेवंतामावशी हलल्या नाहीत. दोन महिन्यांचे ते दिवस आले. थोरली झालेली नटी रात्री हाताला खोबरेल चोळते आणि धाकटी झोपेत तिच्या कुशीत शिरते, तिथं मला वाटलं मावशींनी पदर डोळ्याला लावला, पण अंधारात नक्की कळलं नाही. दोन वर्षांचं काम, दोन देशांतली माणसं, निवृत्तीदादांचा पहिला सिनेमा, सगळं उजव्या टोकाच्या त्या एका खुर्चीवर टांगलेलं.

बघायला येण्याचा प्रसंग आला. म्हातारीनं मऊ हात सोडले. दाराआड थोरली उभी. तिनं स्वतःच्या हातांकडे पाहिलं आणि धाकटीच्या हातातला चहाचा ट्रे ओढून घेतला. कपातला चहा बशीत सांडला.

आणि अंधारातून, उजव्या टोकाकडून, करड्या आवाजात आलं:

“ट्रे न्हवता त्यो. ताट व्हतं. आईचं काशाचं ताट.”

मागे निवृत्तीदादांचा पाय सरकल्याचा आवाज झाला.

मग अनसूयाकाकूंनी मान न वळवता, पडद्याकडेच बघत म्हटलं, “ट्रेच व्हता. पाटलाच्यातनं मागून आणलेला.”

“तुला काय म्हाईत? धरला व्हता म्या.”

“आन् घेतला म्या.”

“घेतलास की. म्हनून तर म्हंते, ताट व्हतं. जड व्हतं. माझं मनगाट मुरगळलं तवा.”

“मग तवाच सांगायचंस की गं, येडे.”

ओदिलबाईंनी माझ्या दंडाला धरलं.

“काय म्हणताहेत?” त्या कुजबुजल्या. “शलाका, काय म्हणताहेत त्या? नको म्हणताहेत?”

मी त्यांच्या कानाशी वाकले आणि एकही शब्द न गाळता सांगायला लागले.